वॉर्डातले आवाज

तिच्या पहिल्या तिन्ही माहितीपटांचं ध्वनिमुद्रण तिच्या दादाने केलं होतं. ती कॅमेरा धरायची, तो हेडफोन चढवून मागे उभा राहायचा. कोणाच्या घरी चित्रण असलं की घरघर नको म्हणून तो आधी त्यांचा फ्रिज बंद करायचा आणि परत चालू करायला विसरू नये म्हणून गाडीची किल्ली त्या फ्रिजमध्येच ठेवायचा. लोक हसायचे. सिनेमेही तसेच जगावेगळे. एकात तर कपडे धुण्याच्या कारखान्यातली वाफच वाफ. निवेदन नाही, मुलाखत नाही.

"यात गोष्ट कुठाय गं?" आई विचारायची.

"डोळे मिट आणि ऐक," दादा म्हणायचा.

पुढे दादाला मुलगी झाली आणि त्याने मालिकांच्या स्टुडिओत नोकरी धरली. त्याच सुमारास एक जुना दवाखाना पाडायचा ठरला. तिथला क्षयरोगाचा वॉर्ड रिकामा होताना तिला टिपायचा होता.

"बाळ जरा मोठं होऊ दे, मग येतो," तो म्हणाला.

"तोवर वॉर्ड थांबणार आहे का?"

"मग दुसरा कोणी बघ."

"बघते. तू रडणाऱ्या सुनांच्या तोंडापुढे माइक धर जा!"

वहिनी बाळाला घेऊन बाहेर येत होती, ती उंबऱ्यातूनच मागे फिरली. त्या दिवसापासून भावंडांचं बोलणं तुटलं.

वॉर्डाचं चित्रण तिने एकटीने केलं. कॅमेऱ्यातला आवाज ऐकला तर नुसती घोंघों. संकलनाला बसल्यावर वैतागून तिने तो सगळाच काढून टाकला. त्या मुक्या सिनेमाला मोठ्या महोत्सवात पारितोषिक मिळालं. मौन हेच या सिनेमाचं खरं पात्र आहे, असं परीक्षकांनी लिहिलं. पुढचे सिनेमेही मग मुकेच झाले. मुलाखतींत ती मौनाबद्दल इतकं सुरेख बोलायला लागली की हळूहळू तिला स्वतःलाही ते पटत गेलं.

केस पांढरे झाल्यावर तिच्या सगळ्या सिनेमांचे खेळ तिच्याच शहरात लागले. वॉर्डाचा सिनेमा संपून दिवे लागले, तेव्हा शेवटच्या रांगेत तिला दादा-वहिनी दिसले. कुणीतरी मौनाबद्दल विचारलंच. तिने नेहमीचं उत्तर सुरू केलं, पण अर्ध्यावर जीभ अडखळली. कसंबसं पूर्ण केलं.

दादा बाहेर जिन्यापाशी उभा होता.

"छान बोललीस. मला आपलं वाटायचं, मी नव्हतो म्हणून आवाज नव्हता."

"तसंच होतं," ती पुटपुटली.

"काय?" त्याने कान पुढे केला.

"तसंच होतं म्हणतेय ती!" वहिनी ओरडून म्हणाली. पायऱ्यांवरचे सगळे वळून बघायला लागले. "उजवा कान गेलाय त्यांचा. डावाही जायच्या बेतात आहे. सगळी हेडफोनची कृपा."

तिला हसू आलं, मग रडू. दादाने तिच्या पाठीवर हात ठेवला.

पुढच्याच आठवड्यात तिने त्याला संकलनाच्या खोलीत नेऊन वॉर्ड पुन्हा लावला. तो पडद्याजवळ सरकला आणि आपणहून बोलायला लागला. "ट्रॉलीचं हे चाक कुरकुरतंय. बघ ना, नर्स तोंड वाकडं करतेय. ही काच सैल आहे, वाऱ्याने थडथडत असणार."

"दादा, हे रेकॉर्ड करू?"

"कर की."

खाटेवर एक म्हातारा खोकत होता. खोकताना अख्खी खाट हलत होती. दादा पडद्यापासून मागे सरकला. म्हणाला, "हा खोकला मी घेतला नसता. मशीन बंद केलं असतं."

तिने मात्र कॅमेरा चालूच ठेवला होता. तेव्हा तिला वेगळं काही सुचलंच नव्हतं. ती मान खाली घालून बसून राहिली.

दादाचा आवाज जोडून तिने तो सिनेमा नव्याने बांधला. त्या जागी म्हाताऱ्याचं चित्र काढून पडदा काळा ठेवला, त्यावर दादाचं तेवढं वाक्य. पारितोषिक देणाऱ्या महोत्सवाने तो नाकारला. बाईंनी आपल्याच हाताने आपल्या उत्तम कामाची माती केली, असं एका समीक्षकाने लिहिलं. तिने ते दादाला वाचून दाखवलं, अर्थात ओरडून.

"मग, थांबायचं का?" त्याने विचारलं.

"छे!"

आता ती बाकीचे मुके सिनेमे एकेक करून दादाकडे घेऊन जाते. जेवल्याशिवाय सुरू करायचं नाही, ही वहिनीची अट. दादाचा डावा कानही गेला आहे. तो पडद्याकडे टक लावून बोलत राहतो, आणि हेडफोन तिच्या कानांवर असतो.