दुसऱ्या भागातला पूल

प्लास्टिकच्या वेष्टणाला कुठेतरी एक फाडायची पट्टी असते, अरुंद, बहुधा लाल, आणि तिचं टोक नखाला लागलं की सगळं वेष्टण एका दमात सुटून येतं, हे तिला ठाऊक होतं. पण खोक्याच्या चारी कडांवरून अंगठा दोनदा फिरला तरी ते टोक लागेना. बघितलं असतं तर सापडलं असतं. पण बघायचं म्हणजे खोकं डोळ्यांसमोर धरायचं, आणि डोळ्यांसमोर जे येईल त्याच्या बरोबर मधोमध हल्ली एक मळकट ढग येऊन बसत होता... घरच्या पाहुण्यासारखा निवांत, न हलणारा. तिने मान किंचित वळवली, भिंतीकडे बघितलं. मग कडेकडेने खोकं दिसलं, तिचा हात दिसला, लाल काही दिसलं नाही.

"आण इकडे," नवरा म्हणाला. "गोळ्यांच्या पट्ट्या कापण्यात जन्म गेला तुझा, आणि हे उघडेना होय?"

त्याने ते एका झटक्यात सोडवलं. आत पाच डिस्क. पट्टीवाल्याचे पाचही भाग.

पडद्यावर त्या माणसाला चांगलं नावगाव होतं, पण या घरात तो पट्टीवालाच. अग्निशमन दलातून काढून टाकलेला, कुणी बोलावलेलं नसताना प्रत्येक भागात कुणाला तरी वाचवायला धावणारा, आणि सिनेमा अर्ध्यावर येतो न येतो तोच अंगावर कुठेतरी फडकं गुंडाळून घेणारा. औषधाच्या दुकानात चौतीस वर्षं उभी राहिलेली ती, दर वेळी चिडून म्हणायची, अशी बांधतात होय पट्टी? रक्त थांबायचं राहिलं बाजूला, हात काळानिळा पडेल त्याचा. आधी हे सिनेमे कॅसेटवर होते. मग डिस्क आल्या तेव्हा डिस्कवर घेतले. आता या नव्या, जास्त स्वच्छ चित्राच्या डिस्क, म्हणजे तिसऱ्यांदा.

"एकाच बाईशी तीनदा लग्न केल्यासारखं झालं," तो म्हणाला. नव्या प्लेअरची वायर तो टीव्हीमागे घुसवत होता. आयुष्यभर लिफ्ट दुरुस्त केलेला माणूस; कशाच्याही मागे शिरायला मिळालं की खूश.

"पण निमित्त काय?"

"निमित्त कशाला लागतं?" तो टीव्हीमागूनच बोलला. "दोन-तीन महिने बघतोय मी. सिनेमा लावला की तू खिडकीकडे तोंड करून बसतेस. पट्टीवाला लावला तरी. म्हटलं, चित्रच जुनं झालंय, डोळ्यांना त्रास होत असेल हिच्या. यात म्हणे माणसाचा एकेक केस मोजून घ्यावा. संध्याकाळी लावू."

 तिने पर्स घेतली, दुकानात जायला चपला घातल्या. जिना उतरताना कठड्याला धरलेला हात तिला स्वतःचाच वाटेना. हा माणूस माझ्यासाठी चित्र दुरुस्त करायला निघालाय. बिघाड कुठे आहे ते न सांगता मेकॅनिकला बोलवावं, आणि त्याने बिचाऱ्याने सगळं यंत्र नवं बसवावं...

डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी चार महिन्यांपूर्वीच सांगितलं होतं. अगदी मऊ आवाजात. उजव्याचं मधलं गेलंय, डाव्याचं जायला लागलंय, वेग कमी करता येईल, परत आणता येणार नाही. "पूर्ण अंधार होणार नाही हं. कडेचं दिसत राहील." पुढच्या वेळी घरच्या कुणाला तरी बरोबर आणा, असंही म्हणाल्या होत्या. तिने मान डोलावली होती, आणि त्यानंतरच्या दोन्ही वेळा एकटीच गेली होती. नवऱ्याला का सांगितलं नाही?  बोललं की ते खरं होतं, एवढंच... आणि शिवाय दुकान होतं. दुकानात बघावं लागतंच कुठे? तिसरा कप्पा, डावीकडून दुसरी रांग, रक्तदाबाची पंचवीसची. तिच्या खाली पन्नासची. हातांना पाठ होतं सगळं. चिठ्ठ्या मात्र ती अलीकडे काउंटरवरच्या तरुण मुलीकडून वाचून घ्यायची, "काय गिचमिड लिहितात गं हे डॉक्टर" असं म्हणत.

आज साडेअकराला निवृत्त बसचालक आला. दर महिन्याचं गिऱ्हाईक, दर महिन्याची तीच गोळी. तिने चिठ्ठी मागितलीच नाही. मागे वळली, हात घातला, पट्टी काढली, पाकिटात सरकवली.

"ताई," तो पाकिटात डोकावत म्हणाला, "माझी गोळी पांढरी असते ना? ही गुलाबी कशी?"

कंपनीने खोकी बदलली होती. काल संध्याकाळी माल लावताना मालकांनी रांगा हलवल्या होत्या. कुणाची चूक म्हणायची? गुलाबी म्हणजे पन्नासची. दुप्पट. तो रोज सकाळी एक घेणार, जिना चढणार, मध्येच कठड्याला धरून उभा राहणार...

"द्या इकडे," ती म्हणाली. "बरं झालं बघितलंत."

"आयुष्यभर सिग्नल बघूनच गाडी हाकली," तो हसून म्हणाला. "रंग काही चुकत नाही आपला."

तो गेला. मालक फोनवर होते. त्यांनी बघितलं असेल, नसेलही. तिने काउंटरची कड दोन्ही हातांनी धरली. चौतीस वर्षांत एक गोळी इकडची तिकडे झाली नव्हती. लोक डॉक्टरला विचारायचे नाहीत ते तिला विचारायचे. आणि आता, काचेच्या काउंटरमागे उभं राहून सगळ्यांना फसवत होते मी... होय, फसवतच. दुसरा शब्द नाही. ती मुलीला म्हणाली, "आज गोळ्या तू काढ. मी नुसतं सांगते." मुलीने का म्हणून विचारलं नाही, आणि ते न विचारणं तिला फारच लागलं. दुपारी डोकं दुखतंय असं सांगून ती निघाली. मालक म्हणाले, "जा ना. उद्याही नाही आलात तरी चालेल." चांगुलपणाने म्हणाले. पण ते वाक्य रस्ताभर तिच्याबरोबर चालत राहिलं.

दुपारच्या रस्त्याला माणसं कमी. कडेकडेने बघत, सावकाश. वीसेक वर्षांपूर्वी याच वेळी ती याच रस्त्याने धावत घरी यायची, कारण घरी सासूबाई पडून होत्या. अर्धांगाचा झटका, उजवी बाजू गेलेली, वाचा गेलेली. त्याआधीची बारा वर्षं त्या दोघींचं कधी जमलंच नव्हतं. दुकानात उभी राहणारी सून त्यांना नको होती, आणि तिला त्यांचं प्रत्येक भांडं पुन्हा विसळणं नको होतं. आता एकीला बोलता येत नव्हतं आणि दुसरीला काय बोलावं कळत नव्हतं. दुकान एक ते चार बंद. भरवून झालं की उरलेले दोन तास खायला उठायचे. एक दिवस तिने कंटाळून पट्टीवाल्याचा दुसरा भाग लावला. सासूबाईंनी डोळे मिटले नाहीत. दुसऱ्या दिवशी तिने तोच लावला. मग रोज तोच... पुलाचा प्रसंग आला की सासूबाई डाव्या हाताचं बोट वर करायच्या, म्हणजे मागे घे, पुन्हा दाखव. पट्टीवाला एका हाताने पुलाला लोंबकळतोय, हाताची पट्टी सुटत चाललीय, सुटली, आणि तो खाली नदीत. पुन्हा मागे. पुन्हा खाली. टेप त्या जागी इतकी झिजली की चित्रात पांढरे पट्टे धावू लागले, खालचा अर्धा पडदा नुसता खरखरू लागला.

आणि एका दुपारी, तो हात सुटताना, खाटेवरून आवाज आला: "मेला!"

पाच महिन्यांनंतरचा पहिला शब्द. नवरा त्या दिवशी सुट्टीवर होता. तो स्वयंपाकघरातून ओल्या हातांनीच धावत आला, पांढराफटक पडून. "कोण? कोण मेलं?"

सासूबाईंनी डाव्या हाताने टीव्हीकडे दाखवलं. "हा... मेला. पुन्हा... पडला." आणि हसल्या, अर्ध्या तोंडाने. ती स्वतः हसता हसता खाली बसली होती, पदर तोंडाशी धरून, आणि मग ते हसू कधी रडण्यात गेलं तिलाही कळलं नव्हतं. नवरा दोघींकडे आळीपाळीने बघत उभा. त्याला त्यातलं काही कळलं नाही. सिनेमा लावला की दहाव्या मिनिटाला घोरणारा माणूस तो. पट्टीवाला कुठल्या पुलावरून पडतो हे त्याला कुठून ठाऊक असणार?

पाच वाजता त्याने पडदे ओढले.

"पहिला लावू?"

"दुसरा."

ती नेहमीच्या जागी बसली, समोर. सुरुवातीचं संगीत घुमलं. या नव्या प्लेअरवर त्यात खालचा, छातीत वाजणारा एक सूर होता, पूर्वी कधी न ऐकलेला. समोर ढग. ढगाच्या भोवती प्रकाश हलत होता. पण तिला अडचण नव्हती, तिला सगळं दिसत होतं: आता दार फुटणार, आता तो जिन्यावरून घसरणार, आता खांद्याला लागणार. पांढऱ्या पट्ट्यांसकट दिसत होतं. चौथ्या-पाचव्या प्रसंगापर्यंत ती बरोबर जागी "अरे बाप रे" म्हणाली आणि बरोबर जागी हसली.

"बघ काय चित्र आहे," नवरा म्हणाला. तो जागा होता. "घामाचा थेंब दिसतोय गं कपाळावर."

"हो ना. किती स्वच्छ."

पूल आला. तिने ओळखलं, वाऱ्याच्या आवाजावरून. नकळत तिची मान वळली, खिडकीच्या बाजूला, म्हणजे कडेने तरी त्या सुटणाऱ्या हाताचं काहीतरी हाती लागेल...

"तो दोर बघ कसा बांधलाय," तो म्हणाला. "असा बांधला तर माणूस पडेल नाही तर काय. आणि ती बाई कोण?"

"कुठली बाई?"

"ही काय, डावीकडे खाली. हिरव्या कोटातली. सगळी गर्दी वर त्याच्याकडे बघतेय आणि ही एकटी पाण्याकडे बघतेय."

पुलाखाली बाई नव्हती. शंभरदा बघितला होता तिने तो प्रसंग, जास्तच. तिथे खरखर होती आणि धावणारे पट्टे होते; पुढे डिस्कवरही तिची नजर त्या सुटणाऱ्या हातावरच असायची. बाई नव्हती. आणि तरीही होती तर, पहिल्यापासून, त्या सगळ्या दुपारी...

"मग?" ती म्हणाली. "काय करते ती?"

"काय करणार? उभी आहे."  मग त्याने चित्र थांबवलं. वारा बंद झाला, खोलीत त्याच्या श्वासाचा आवाज तेवढा उरला. "अगं, तू तिकडे कुठे बघतेयस?"

त्या आवाजात काय होतं ते तिला ओळखता येईना. नुसता प्रश्न होता, की बरेच दिवस पोटात ठेवलेलं काही? चेहरा बघावा म्हणून ती वळली, आणि जिथे त्याचा चेहरा असणार तिथे ढग होता. कडेला कान, पांढरे केस, रिमोट धरलेला हात.  

सांगायचं वाक्य तयार होतं, चार महिने तयार होतं. आज दुकानातही ते ओठांपर्यंत आलं होतं. पण तोंडातून निघालं ते वेगळंच.

"मला सांगा ना तिच्याविषयी. नीट सांगा. किती वयाची आहे?"

 तो सोफ्यावरून सरकत जवळ आला, इतका की त्याचं कोपर तिच्या कोपराला लागलं.

"पन्नाशीची असेल," तो हळूहळू म्हणाला, यंत्राचा भाग न्याहाळून बोलावं तसा. "हातात पिशवी आहे. जड दिसतेय. एक पट्टा तुटलाय तिचा, म्हणून कवेत धरलीय. केस वाऱ्याने तोंडावर आलेत, पण हात मोकळा नाही, म्हणून तशीच उभी आहे..."

तो अडखळत होता, मध्येच पुलाच्या खांबांकडे भरकटत होता, पुन्हा बाईकडे येत होता. ती ऐकत होती. आतला तो पाठ असलेला सिनेमा, ज्याला ती इतके दिवस दोन्ही हातांनी धरून होती, तो थोडा लांब गेल्यासारखा वाटला, आणि त्याचं तिला वाईट वाटेल असं वाटलं होतं, तेवढं वाटलं नाही. भीती होतीच. पण सकाळची पकडले जाण्याची भीती ती नव्हे. ही दुसरी होती, अनोळखी, आणि तिच्या कडेकडेने एक उत्सुकता सरकत होती. त्या बाईच्या पिशवीत काय असेल, तिला कुठे जायचं असेल, आणि शेजारी बसलेल्या या माणसाला अजून काय काय दिसत असेल, जे त्याला इतकी वर्षं कुणी विचारलंच नव्हतं.

"पुढे," ती म्हणाली. "थांबू नका."