माणिकरावांची मिशी

नाट्येतिहास लिहिणारे साहेब, तुम्ही एका जित्याजागत्या बाईला भर पुस्तकात पुरुष करून टाकलंत, आणि वर पुरावा तिच्याकडेच मागता.

मित्रांनो, तुम्हाला नीट कळावं म्हणून पहिल्यापासून सांगते. मी एक जुनी मिशी आहे. खोटी, चिकटवायची. बायकांच्या एका नाटक मंडळीत माझा जन्म झाला. तिथे राजा बाई, प्रधान बाई, राक्षससुद्धा बाईच. राजा व्हायची माणिक. तिच्याच फणीतलं गुंतवळ धुऊन, बारीक जाळीवर एकेक केस गाठून मला विणलं. म्हणजे मीही बाईचीच.

मी ओठावर बसले की माणिकची मान ताठ व्हायची, आवाज खाली उतरायचा. राणी व्हायची मालवणची शेवंती. लोक टाळ्या द्यायचे, आणि राजा खरंच बाई आहे ना, म्हणून खेळ संपल्यावर रंगपटात डोकावायचे. मग बोलपट आले, मंडळी मोडली. माणिक मुलुंडला दोन खोल्यांत राहू लागली आणि मी पावडरच्या रिकाम्या डब्यात. त्याचं मला काही वाटलं नाही.

छप्पन साली साहेबांनी वर्तमानपत्रातून जुने फोटो मागवले. माणिकनं राजाच्या वेषातला फोटो टपालानं धाडला. मागे लिहिलं, ‘माणिक, राजा’. पुढल्या वर्षी ग्रंथ निघाला. फोटोखाली छापलंय, ‘कै. माणिकराव, एक रुबाबदार नट’. आणि शेजारच्याच पानावर, बायकांनी पुरुषभूमिका केल्याचा पुरावा आढळत नाही.

शेवंती घाटकोपरहून ग्रंथ घेऊन हसत आली. "गो माणकू, माझो घोव खराच पुरुष निघालो. आणि कळला कधी, तर मेल्यावर."

माणिक हसली नाही. "शेवंते, माझं गाणं कुणी तबकडीवर ठेवलं नाही. नाव तेवढं उरलं होतं गं. तेही गेलं, तर जन्मभर मी केलं काय?"

दोघी मला घेऊन साहेबांच्या अंधेरीच्या घरी गेल्या.

"पण फोटोत मिशी अगदी स्पष्ट आहे हो," साहेब म्हणाले.

"ही ती मिशी." माणिकनं मला टेबलावर ठेवलं.

साहेबांनी पेन्सिलीच्या टोकानं मला उलटं केलं. "असली मिशी कुठेही मिळते, बाई. लेखी काही आहे?"

"माका इचारा ना," शेवंती म्हणाली. "मी हिची राणी होतंय."

"तोंडी साक्ष इतिहासात चालत नाही."

"ग्रंथात म्हाताऱ्या नटांनी सांगितलेल्या आठवणी छापल्यात," माणिक म्हणाली, "त्या काय लेखी होत्या?"

साहेबांनी घड्याळ बघितलं. "दुसऱ्या आवृत्तीत बघू."

मित्रांनो, आम्हाला जपा, असं सगळ्याच जुन्या वस्तू सांगतात. मी नाही सांगणार. माझे केस गळाले तरी चालतील. तुम्ही जुना फोटो बघाल तेव्हा त्याच्याखालचं नाव कुणी लिहिलं, ते मात्र विचारा.

आणि साहेब, तुमच्या त्याच ग्रंथात लुगडं नेसलेल्या नटांचेही फोटो आहेत. त्यांच्या नावापुढे तुम्ही ‘बाई’ लावलं नाहीत. मग हिच्या नावापुढे ‘राव’ कशाच्या जोरावर लावलंत? तुमच्याकडे कोणता लेखी पुरावा होता?