माहितीशिवाय, संमतीशिवाय

टाचणीचा गंज कागदावर उतरून बारीक तांबूस ठिपका झाला होता, नेमका चौथ्या परिच्छेदाच्या कडेला, कोणी मुद्दाम खूण करून ठेवावी तसा... कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर बसून तिने तो नखाने खरवडला. ठिपका पसरला.

'४. सदर इसमाने सदर वाहन अर्जदाराच्या माहितीशिवाय व संमतीशिवाय नेले.'

सदर इसम चहाचे दोन कप सांभाळत गर्दीतून येत होता. तिचा धाकटा भाऊ.

"घे ताई. साखर नको म्हटलं तरी चहावाल्या चोरट्याने टाकलीच." मग स्वतःच हसला. "मी नाही, तो दुसरा."

"गप्प बस. वकीलबाई ऐकतील."

"त्यांनीच तर मला चोर केलंय."

खोटं नव्हतं. चादरी ने-आण करायच्या तिच्या गाडीत चोरटं लाकूड सापडलं, जंगलखात्याने गाडी सरकारजमा केली, आणि त्याविरुद्ध कोर्टात जायचं तर एकच वाट होती. वकीलबाईंनी ती पहिल्याच दिवशी दाखवली होती — मालकिणीला ठाऊक नव्हतं, हे पटायला हवं. ठाऊक होतं म्हणालात की गाडी लिलावात गेली समजा. आणि याचं काय, तिने भावाकडे बघत विचारलं. त्याचा खटला निराळा, बाई. पण हा कागद तिथेही वाचतील.

"लिही ना," तो म्हणाला होता. "मी तसाही आत जायचाच."

आणि मी लिहिलं. गाडी गेल्यापासून सात महिने हॉस्पिटलच्या चादरी हातगाडीवरून धुवायला आणायच्या, न्यायच्या; तीनपैकी दोन हॉस्पिटलांनी काम दुसरीकडे दिलं; तिसरं या महिन्यापुरतं थांबलंय...

लाकूड आहे थोडं, ताई, अंधार पडायच्या आत परत येतो — असं तो म्हणाला तेव्हा कोणाचं लाकूड हे तिने विचारलं नव्हतं. उलट पायऱ्या उतरून खाली गेली आणि सालींनी पत्रा खरवडू नये म्हणून गाडीत मागे एक बाद झालेली चादर अंथरली. हाताच्या सवयीने टोकंसुद्धा दुमडली, पेशंटच्या खाटेवर दुमडतात तशी. पंचनाम्यात ते आहे: 'एक पांढरी चादर, जुनी, चारही टोके दुमडलेली.' कोणाचं बोट अजून त्या ओळीवर थांबलेलं नाही. दर तारखेला ती वाट पाहते — भीतीने की आशेने, कोण जाणे — आणि बोट पुढे सरकतं.

त्याने हे कोणालाही सांगितलं नाही. तिलासुद्धा नाही, पुन्हा कधी.

सांगत होती ती. वकीलबाईंना, टाइप करणाऱ्याला, शेजारणीला — मी झोपले होते. मग त्यात पंखा आला, पंख्याची घरघर. मग डोकेदुखी. मग कपाळावर ओला रुमाल, आणि तो सांगताना एकदा खरंच थंड वाटलं...

पुकारा झाला. ती उभी राहिली.

"गाडी नेली तेव्हा तुम्ही कुठे होतात?" न्यायाधीशांनी विचारलं.

ती मनात ती दुपार शोधायला गेली. पायऱ्या सापडेनात. उशी सापडली. घरघर सापडली. शेवटच्या बाकावर भाऊ किंचित मान हलवत होता — सांग ना, झोपले होते म्हणून सांगून टाक — आणि त्याच्याकडे बघताना तिच्या कानशिलांत रक्त चढलं. कशाला नेलीस? एकदा उठवायचं तरी मला! पोटाला चिमटे काढून घेतलेली गाडी, आणि तू विचारलंसुद्धा नाहीस, विचारलंसुद्धा...

तिने कठडा धरला. न्यायाधीशांनी चष्मा काढला. "सावकाश सांगा, बाई. घाई नाही."

राग खरा होता. मी त्याला आतून चाचपून पाहिलं, कुठे पोकळ लागतोय का — नव्हता लागत. आणि भाऊ मागून माझ्याकडे बघत होता, जराही न रागावता, त्या दुपारी खाली उतरून आलेल्या कोणा बाईकडे बघावं तसा. आणि ती बाई काही केल्या मला आठवेना.