गुलाबी पानांवरचा कॅप्टन

ऑरव्हिल हॅडिक्सच्या चेहऱ्याला मी एकतीस वर्षं रंग लावते आहे. त्यावर जखमा काढल्या, दाढ्या चिकटवल्या, एकदा तर त्याला नखशिखांत हिरवा केला. बावन्न वर्षांत तो शेरीफ झाला, दरोडेखोर झाला, पाद्री झाला, साबणाच्या जाहिरातीतला आजोबा झाला, पण बहुतेक वेळा पहिल्या अर्ध्या तासातच मेला. आता अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी त्याला एका मालिकेत पहिल्यांदाच टिकणारं काम मिळालं होतं, फेरीबोटीच्या निवृत्त कॅप्टनचं. आणि नेमके याच वेळी त्याचे कान गेले.

हे फक्त मला ठाऊक होतं. समोरच्याचे ओठ वाचून तो निभावून नेत होता. पण त्या मंगळवारी, बरबँकच्या स्टुडिओत, कॅप्टनला खिडकीपाशी पाठमोरं उभं राहायचं होतं. मागून मुलगी म्हणणार, "बाबा, आमच्याकडे राहायला या," आणि यानं न वळता उत्तर द्यायचं. तीन तालमी झाल्या, आणि तिन्ही वेळा तो तिचं वाक्य संपायच्या आत बोलला.

जेवणाच्या सुट्टीत गुलाबी पानं वाटली गेली. आमच्याकडे संहिता बदलली की पानांचा रंग बदलतो. या गुलाबी पानांवर कॅप्टन झोपेतच जात होता.

"आलं बघ माझं बोलावणं," टाकोचा घास घेत ऑरव्हिल म्हणाला.

"चेष्टा पुरे! त्यांना वाटतंय तू वाक्यं विसरतोस. सांगून टाक ना, ऐकू येत नाही म्हणून."

"आणि विम्याच्या फॉर्मवर 'कान उत्तम' असं मीच लिहिलंय, त्याचं काय करू?"

"मग मर!" मी म्हटलं, आणि रागानं मलाच रडू फुटलं. मला हा माणूस जिवंत हवा होता, पडद्यावरसुद्धा.

त्यानं टाको तसाच ठेवला, तोंड पुसलं आणि उठून थेट दिग्दर्शिकेकडे गेला. मारिबेल केसाडा जेमतेम पस्तिशीची, बोलतानाही घड्याळाकडे बघणारी. मी मागोमाग धावले.

"मी विसरत नाही, मला ऐकू येत नाही," तो म्हणाला. "फॉर्मवर खोटं लिहिलं, ती चूक माझी." मग त्यानं अख्खा प्रसंग म्हणून दाखवला, मुलीच्या वाक्यांसकट.

"अहो, मग हे आधी सांगायला काय झालं होतं?"

"काम हवं होतं."

मारिबेलनं घड्याळाकडे बघितलं. तेवढ्यात दिव्यांचा प्रमुख, बर्नी ट्रुहिलो, शिडीवरून ओरडला. "म्हातारबांना काचेत बघू दे की!"

काचेतलं प्रतिबिंब म्हणजे आमच्या धंद्यातला वैरी. कॅमेरा दिसू नये म्हणून बर्नीनंच सकाळी त्या काचेवर फवारा मारून ती धुरकट केली होती. आता त्यानं कॅमेऱ्याला न दिसणारा एक कोपरा फडक्यानं लख्ख पुसला आणि काचेच्या पलीकडून काळं कापड टांगलं. त्या वीतभर काचेत मागे उभ्या असलेल्या मुलीचं तोंड स्वच्छ दिसू लागलं.

चित्रीकरण सुरू झालं. मुलगी बोलली. ऑरव्हिल काचेत बघत राहिला. तिचे ओठ मिटले तरी हा गप्पच. पण तो तिचे भरलेले डोळे बघत होता, घाई त्याला नव्हतीच.

"येईन," तो हळूच म्हणाला. "पण खोली खिडकीची हवी."

बर्नी डोळे पुसत होता, आणि विचारलं असतं तर दिव्याच्या उष्णतेवर ढकललं असतं.

मारिबेलनं गुलाबी पानं चार घड्या घालून कचऱ्यात टाकली. मग ती त्याच्या अगदी समोर आली आणि एकेक शब्द सुटा करून म्हणाली, "गुरुवारी, सकाळी सातला या. आणि वर्षभर कुठं जाऊ नका. फॉर्म उद्या नवा भरू."

"काय म्हणालात?"

तिनं पुन्हा सांगितलं, आणखी सावकाश. त्यानं मान हलवली.

खोटारडा! मी शेजारीच उभी होते. त्यानं पहिल्याच वेळी सगळं नीट वाचलं होतं.