दोरीवरचे अकरा सदरे

मास्तर जाऊन दोन महिने झाले नाहीत, तोच फुटबॉल क्लबाला त्यांच्या बुटांची आठवण झाली. जिवंतपणी शेवटची चार वर्षं मास्तरांचे गुडघे भोपळ्याएवढे सुजलेले असायचे. तेव्हा क्लबातलं एक माणूस घराकडे फिरकलं नव्हतं. पण मेल्या म्हशीला मणभर दूध. एके सकाळी क्लबाचे अध्यक्ष आणि चिटणीस मास्तरीणबाईंच्या दारात उभे राहिले, चेहरे जमतील तितके लांब करून.

अध्यक्षांची लाकडाची वखार होती. चेंडूला त्यांनी आयुष्यात एकदाच पाय लावला होता, नव्या मैदानाच्या उद्घाटनाला, आणि तेव्हाही चेंडू जागचा हलला नव्हता.

“वहिनी, नव्या इमारतीत काचेचं कपाट केलंय,” अध्यक्ष म्हणाले. “मधल्या फळीवर मास्तरांचे बूट ठेवायचे. पहिला कप आणला ते.”

“आणि चित्रं?”

“चित्रांचं काय, मास्तर चित्रकार म्हणून मोठेच हो. आम्हाला त्यातलं कळत नाही एवढंच.”

हे वाक्य बाईंना पाठ होतं. क्लबातले म्हणायचे, मास्तर खेळतात बेताचंच, पण चित्रकार म्हणून माणूस थोर. कलामंडळातले म्हणायचे, चित्रं ठीक आहेत, पण फुटबॉल काय खेळतात! कौतुक दोन्हीकडे, आणि दोन्हीकडून ते शेजारच्या दारात नेऊन टाकलेलं. मास्तर भोळे. दोन्हीकडून खूश होऊन घरी यायचे आणि बाईंना सांगायचे. बाईंना पहिल्याच वर्षी यातली मेख कळली होती, पण माणूस इतक्या आनंदानं जेवायला बसला की सांगवत नसे.

कलामंडळानं त्यांची चित्रं दर वर्षी जिन्याखाली लावली, छत्र्या ठेवायच्या जागेशेजारी. क्लबानं त्यांच्याकडून एकच चित्र करून घेतलं, तेही चित्र नव्हे, पाटी: मैदानात गुरं सोडू नयेत. मास्तरांनी पाटीच्या कोपऱ्यात एक गाय काढली. ती इतकी सुरेख उतरली की लोक गाय बघत बसायचे आणि गुरं खुशाल आत चरायची.

पोटासाठी मास्तर शाळेत ड्रॉइंग शिकवायचे. खेळ हौशी. त्या काळात हौशी म्हणजे चेंडूपासून प्रवासापर्यंत सगळी पदरमोड, वर हातपाय मोडले तर तेही आपलेच. हौसेला मोल नसतं, असं जो तो मास्तरांना सांगायचा, आणि सांगणाऱ्यांपैकी कुणाच्याच घरी सदरे धुवायला यायचे नाहीत. संघाचे सदरे अकरा, जाड सुताचे, भिजले की वासराएवढे जड. “मी धुऊन आणतो,” असं मास्तर एकदा सभेत म्हणून आले. आणतो! मास्तरांना स्वतःचा रुमाल पिळता येत नव्हता. त्यानंतर मास्तर खेळले तितकी वर्षं दर सोमवारी बाई चिखल झोडपत बसल्या.

आणि तो कप. अंतिम सामन्यातला एकुलता एक गोल मास्तरांचा, हे खरं. पण त्याच संध्याकाळी गरम पाण्यात पाय बुडवून मास्तर स्वतःच म्हणाले होते, “अगं, मी बाजूला होत होतो. तो गुडघ्याला लागून गेला.” गोलाला तेव्हा जाळी नसे. चेंडू मागच्या चरात पडला, तो आणायला मास्तरच उतरले, आणि वर येईपर्यंत लोकांनी कप्तानाला खांद्यावर घेतलं होतं. हेही मास्तरांनी हसत हसत सांगितलं. बाई हसल्या नव्हत्या.

त्याच वर्षी मास्तरांनी ते चित्र काढलं. परसातली दोरी, दोरीवर अकरा ओले सदरे, लोंबणाऱ्या बाह्या, एकाच्या काखेत ठिगळ. बाई कुठे दिसत नाहीत. फक्त सदऱ्यांच्या खाली दोन अनवाणी पाय आहेत, टाचांना भेगा, आणि दोन्ही टाचा जमिनीवरून उचललेल्या. कारण दोरी मास्तरांनी स्वतःच्या उंचीनं बांधली होती, आणि बाई इतकी वर्षं चवड्यांवर उभ्या राहून सदरे वाळत घालत होत्या. चित्र पुरं झालं त्या दिवशी मास्तर परसात गेले आणि दोरी वीतभर खाली बांधली. त्या वीतभर दोरीसाठी बाईंनी त्यांना बरंच माफ केलं. सगळं नाही.

कलामंडळानं चित्र परत पाठवलं; धुणं हा काय विषय झाला, म्हणाले. क्लबवाले म्हणाले, यात चेंडू कुठाय? गाढवाला गुळाची चव काय! चित्र कपाटामागे गेलं ते तिथेच राहिलं. आता मास्तरही गेले होते. उद्या आपणही गेलो की ते कुणाच्या तरी चुलीत जाणार, याची बाईंना खात्री होती, आणि रात्ररात्र झोप लागत नव्हती ती त्यापायीच.

“बूट देते,” बाई म्हणाल्या. “पण एक चित्र त्याच खोलीत लावायचं. मी सांगेन ते.”

“अगदी दर्शनी लावू,” चिटणीस म्हणाले. चिटणीसांच्या तोंडात ‘अगदी’ आलं की काम होत नाही, हे गावाला ठाऊक होतं.

एकच अडचण होती. बूट नव्हते. उजव्याच्या कातड्याची कोंबड्यांच्या खुराड्याला बिजागरी झाली होती आणि डावा कुत्र्यानं नेला होता. बाई धाकट्या भावाकडे गेल्या. भाऊ कोळशाच्या डेपोत कामाला. ढिगावर पाय घसरू नये म्हणून बुटांना खाली खिळे मारलेले, थेट खेळाच्या बुटांसारखे.

“तुझे बूट दे. मास्तरांनी त्यांत कप जिंकलाय.”

भावानं पायांकडे बघितलं. “कधी गं, ताई?”

“येत्या रविवारी.”

रविवारी खोली माणसांनी गच्च भरली. बूट पॉलिश करून काचेमागे ठेवलेले, वर दिवा. बाईंनी चारी भिंती पाहिल्या. अध्यक्षांचे फोटो होते, अध्यक्षांच्या वडिलांचा होता. सदऱ्यांचं चित्र कुठे नव्हतं. मग त्यांचं लक्ष दाराकडे गेलं. दार आत उघडून भिंतीच्या कडीला अडकवलेलं, आणि त्यामागून चित्राच्या चौकटीची बोटभर कड दिसत होती. पाहुण्यांसाठी दार सताड उघडं, म्हणजे चित्र सताड बंद. तोंडाला पानं पुसली म्हणतात ती अशी.

“याच डाव्या बुटातून तो तोफगोळा सुटला,” अध्यक्ष सांगत होते. “या पायांनी आपल्या क्लबाचा इतिहास घडवला.”

बाई उठल्या. कडी काढली, दार लावलं, खुर्ची ओढत आणली आणि दाराला पाठ लावून बसल्या. खुर्चीचा आवाज असा झाला की भाषण आपोआप संपलं.

चिटणीस वाकून म्हणाले, “वहिनी, चहा बाहेरच्या खोलीत आहे.”

“असू दे. आधी चित्र बघून घ्या. मग उघडते.”

चहा निवत होता, त्यामुळे सगळे निमूटपणे चित्रासमोर आले. कलामंडळाचे म्हातारे चालक मान तिरकी करून म्हणाले, “रेषा पाहा, रेषा.” धुणं हा विषय नव्हे, हे सांगणारे हेच. बाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं की त्यांनी मान सरळ केली.

अध्यक्ष सगळ्यांत शेवटी आले. “छान आहे. पण वहिनी, यात खेळाडू एकही नाही. आणि हे खाली पाय कोणाचे?”

बाईंनी चपला काढल्या आणि दोन्ही पाय त्या नव्या चकचकीत फरशीवर ठेवले. भेगा तशाच होत्या, वयानं आणखी खोल गेलेल्या.

“माझे,” त्या म्हणाल्या. “आणि ते काचेतले बूट माझ्या भावाचे. तो बघा, मागच्या रांगेत उसन्या चपला घालून बसलाय. उद्या त्याला कामावर जायचंय, तेव्हा ते काढून ठेवा. मास्तरांचं या खोलीत काय असेल तर ते हे एवढंच.”

मग त्या उठल्या आणि दार उघडलं. पण कडीला अडकवलं नाही. स्वतःच्या हातानं अर्धवट धरून उभ्या राहिल्या, आणि पाहुणे एकेक करून आडवे होत त्या फटीतून चहाला गेले.