सातवं नाव

डॉ. हेमचंद्र वरुडकरांनी शर्टाची बाही कोपराच्या वर सारली, म्हशीची जीभ एका बाजूला ओढून धरली आणि उजवा हात मनगटाच्याही पुढे तिच्या घशात घातला. म्हैस घोगरं, फाटलेलं काहीतरी ओरडली. लाळेच्या तारा डॉक्टरांच्या कोपरावरून खाली शेणात गळू लागल्या.

"नीट धर रे," ते अंबादासवर खेकसले. "जबडा धर म्हटलंय, आरती ओवाळ नाही म्हटलं."

अंबादास म्हशीचा मालक. त्याचा आजा भंडाऱ्याकडून येऊन बरगी धरणाच्या अलीकडे स्थायिक झाला होता, तेव्हापासून या घरात मराठी आणि घराबाहेर हिंदी अशी विभागणी चालत आली होती. चारा कापून कापून त्याच्या बोटांवर चिरा पडल्या होत्या. त्याच बोटांनी त्याने ओला जबडा घट्ट धरला होता.

"साहेब, आंब्याची कोय-गिय काही अडकली नाही तिच्या घशात," मागून त्याची आई शकुबाई म्हणाली. "तिचा आवाज फिरून गेला. महिन्याआधी एक काळं कुत्रं गोठ्यात शिरलं होतं. मी तवाच म्हणत होती याले."

"अच्छा. म्हणजे निदान झालेलंच आहे," हात बाहेर न काढता डॉक्टर म्हणाले. "मग मला काहून बोलावलं? तुम्हीच औषध लिहून द्यायचं."

गोठ्यात जमलेले चार शेजारी हसले. शकुबाई हसली नाही. डॉक्टरांचा हात रिकामाच बाहेर आला. अंगठ्याला दाढ घासून साल निघाली होती.

"तुझा हात लांब आहे, तू घालून पाह्य," त्यांनी अंबादासला फर्मावलं. त्यानेही घातला. काही लागलं नाही. तेव्हा कोय खाली उतरली, असं डॉक्टरांनी जाहीर केलं, दोन दिवसांत चारा खाईल म्हणून सांगितलं, तांब्याभर पाण्याने हात धुतला आणि गाडीत बसून शहरात, अधारतालला परत गेले. हा सोमवार होता.

वरुडकर म्हणजे साधी असामी नव्हे. बत्तीस वर्षं त्यांनी पशुवैद्यकाच्या पोरांना विषाणू आणि परजीवी शिकवले होते, आणि निवृत्तीनंतर अधारतालच्या मुख्य रस्त्यावर दवाखाना टाकला होता. या जगात त्यांना मनापासून आदर वाटे तो फक्त विषाणूंबद्दल. बाकी सगळा आनंदच. सहकारी ठोंबे, शेतकरी अडाणी, सरकारी डॉक्टर पाट्या टाकणारे, आणि औषधाच्या दुकानात बसणारे तर बोलायच्या लायकीचेच नाहीत. रेबीजवर बोलायला लागले की मात्र त्यांचे डोळे चमकत. बघा, ते पोरांना सांगत, जखमेतून आत येतो, स्नायूत चार दिवस गुपचूप बसतो, मग मज्जातंतूचं टोक धरून मेंदूच्या वाटेला लागतो. ताप नाही, सूज नाही, रक्तात पत्ता नाही. घरात पाहुणा शिरलाय हे यजमानाला ठाऊकच नाही. मेंदू ताब्यात आला की मग लाळेत उतरतो, आणि यजमानाचा घसाच बंद करून टाकतो, म्हणजे लाळ गिळली जाऊ नये, बाहेरच गळावी, दुसऱ्याच्या अंगावर जावी. एवढी अक्कल तुमच्यापैकी एकात तरी आहे का?

पोरं माना खाली घालत. दर वर्षी लस टोचून घेतल्याशिवाय ते एकाही पोराला जनावराजवळ जाऊ देत नसत. स्वतः त्यांनी ती कधी टोचून घेतली नव्हती. ज्याला कळतं त्याला कशाला हवी, असा त्यांचा हिशेब होता.

शुक्रवारी सकाळी त्यांच्या जुन्या विद्यार्थिनीचा, शर्मिलाचा फोन आला. ती सरकारी प्रयोगशाळेत होती.

"सर, बरगीकडची एक म्हैस बुधवारी मेली. तिथल्या पशुसेवकानं मेंदूचा नमुना पाठवला होता. रेबीज आहे."

डॉक्टर खुर्चीतून उठले आणि दार लावून घेतलं.

"घरची म्हातारी मागेच लागली होती म्हणे, नमुना पाठवाच म्हणून," शर्मिला म्हणाली. "आणि सर, कोण्या डॉक्टरनं घशात काही अडकलं समजून तिच्या तोंडात उघडा हात घातला होता. मालकालाही घालायला लावला. फॉर्मवर त्या डॉक्टरचं नाव नाही. तुम्ही वर्गात सांगायचे ना, लाळ गाळणाऱ्या जनावराच्या तोंडात जो उघडा हात घालतो त्याला मी डॉक्टर म्हणत नाही, यजमान म्हणतो. मला तेच आठवलं."

"हं," डॉक्टर म्हणाले.

"मालकाला आजच कळवायला पाहिजे. इथून पत्र जाईल, पण त्याला आठ दिवस लागतात."

"तू राहू दे. तो माझ्याच भागातला आहे. मी सांगतो त्याला."

"नक्की ना सर? लस लगेच सुरू झाली पाहिजे त्याची."

"मला शिकवून राहिली का तू?"

तासाभरात ते शहराच्या दुसऱ्या भागात, गोहलपुरात होते. अधारतालात त्यांना कुत्रंसुद्धा ओळखत होतं. गोहलपुरच्या गल्लीत, वेल्डिंगच्या दुकानांमागे एक खाजगी दवाखाना होता, तिथे त्यांना ओळखणारं कुणी नव्हतं. तिथे त्यांनी आपलं नाव एच. कुमार सांगितलं, भटकं कुत्रं चावलं म्हणून सांगितलं, अंगठ्याच्या जखमेत तयार प्रतिपिंडांचं सीरम टोचून घेतलं आणि दंडात लसीचा पहिला डोस. कंपाउंडर सुई धरतो कशी, बर्फाचा डबा उघडा ठेवतो कसा, यावर मनातल्या मनात त्याची सालटी काढत ते बाहेर पडले. ते गाडीत येऊन बसले.

मग त्यांनी खिशातून फोन काढला. अंबादासचा नंबर लावायचा होता. पण काय बोलायचं? म्हातारीचं खरं होतं म्हणून? गोठ्यात हसलेल्या त्या चौघांसमोर? त्या पट्ट्यातल्या दोनशे घरांत वरुडकर साहेब म्हणजे देवाचा शब्द होता. विषाणूला घाई नसते, त्यांनी स्वतःला समजावलं. बोटापासून मेंदूपर्यंत वाट लांब असते, आठवडे जातात, कधी महिने. उद्या सांगू. आणि सांगून तरी काय, हे लोक लस टोचून घेणार थोडेच? झाडफूक करतील, मिरच्या ओवाळतील.

त्यांना हे सगळं खरंच वाटत होतं, असं नाही. पण तुच्छतेचा एक फायदा असतो. समोरचा माणूस एकदा मूर्ख ठरला की त्याचं काय होईल, याची काळजी आपल्याला करावी लागत नाही.

शनिवारी अंबादासचाच फोन आला. डॉक्टरांनी उचलला नाही. रविवारी दोनदा आला. म्हैस मेली म्हणून रडायचं असेल, नाहीतर दुसऱ्या जनावरासाठी फुकटात सल्ला हवा असेल. त्यांनी फोन उलटा ठेवून दिला. सोमवारी गोहलपुरात जाऊन एच. कुमारने दुसरा डोस घेतला.

रोज सकाळी अंबादास आठवे. ती चिरा पडलेली बोटं आठवत, म्हशीच्या घशात गेलेली. मग ते एखाद्या गिऱ्हाइकावर डाफरत, कुत्र्याला गोचीड होईपर्यंत झोपला होता का म्हणून विचारत, आणि दिवस जाई.

पुढच्या शुक्रवारी शर्मिलाने पुन्हा फोन केला.

"सर, त्या बरगीवाल्या मालकाची लस सुरू झाली ना? मला फॉर्म बंद करायचा आहे."

"झाली," डॉक्टर म्हणाले.

"किती डोस झाले?"

"ते काय मी मोजत बसू?"

त्यांनी फोन ठेवला. आत्तापर्यंत ते फक्त गप्प होते. आता एक खोटं कागदावर गेलं होतं, आणि उद्या अंबादास पाण्याला घाबरून मेला तर तो वरुडकरांच्या नावावर मेला असता. त्या दिवशी त्यांचा तिसरा डोस होता. गोहलपुरला न जाता त्यांनी गाडी बरगीच्या रस्त्याला काढली. काय बोलायचं ते वाटेत ठरवलं. रिपोर्ट आजच आला, तसाच धावत आलो, बस.

अंबादास अंगणात दोरखंड वळत बसला होता. गाडी पाहून तो उठला. शकुबाई ओसरीवर होती. डॉक्टर खाली उतरले, त्यांनी आवाज चढवलेलाच ठेवला.

"अंबादास, ऐक. तुझ्या म्हशीचा रिपोर्ट आजच आला. रेबीज निघाला. तुला आजच्या आज सुया सुरू कराव्या लागतील. घाबरायचं काही नाही, पण झाडफूक वगैरे करत बसू नको."

अंबादासने आईकडे पाहिलं.

"आमचे तीन झाले, साहेब," तो म्हणाला. "आता महिन्यानं चौथा."

"तीन?"

"सोमवारी तुम्ही गेले, मंगळवारी सकाळी आम्ही आरोग्य केंद्रात गेलो," शकुबाई म्हणाली. "तुम्ही काही म्हणा, मले तं म्हशीचा आवाज सांगत होता. ज्याचा ज्याचा हात लागला त्याचं त्याचं नाव नर्स दीदीनं लिहून घेतलं. आम्ही सहा जण. अन् तुमचं."

"माझं?"

"तुमचा हात तं सगळ्यांत आत गेला होता. अंगठा बी सोलला होता तुमचा, म्या पाह्यला." म्हातारी ओसरीवरून खाली उतरली. "हा तुमाले फोन करून राहिला होता, तुम्ही उचलत नव्हते. म्या म्हटलं, मोठा माणूस आहे, कामात असन. तीन खेपा दीदीनं तुमचं नाव पुकारलं. जखमेत टोचतात ते औषध एकच बाटली उरली आहे, ते म्या तुमच्यासाठी ठेवाले लावलं. चला आता. उशीर झाला, पण देव आहे."

अंबादासने तोवर पायात चपला घातल्याही. म्हातारी पदर डोक्यावर घेऊन पुढे चालू लागली होती. आरोग्य केंद्र रस्त्याच्या पलीकडेच होतं, दोन खोल्यांचं. नाही म्हणायला त्यांना कारण सापडलं नाही, म्हणून ते मागून गेले. घेऊ एक सुई, त्यांनी विचार केला. तिसरा डोस आजच घ्यायचा आहे. ही बाई पहिला म्हणून लिहील, लिहू दे. काय बिघडतं?

अंजनी नावाची नर्स टेबलाशी बसली होती. शकुबाईला पाहून ती हसली.

"आले का तुमचे साहेब? अम्मा रोज विचारत होती, सर. एवढं शिकलेले लोक सुईला घाबरतात म्हणून आम्ही हसत होतो." तिने रजिस्टर उघडलं. एकाखाली एक सात नावं होती. सहा नावांपुढे तीन तीन खुणा, आणि सातवं, वरुडकर साहेब, त्याच्यापुढे तीन वेळा 'नहीं आए'. "पहिला डोस ना?"

"हो," डॉक्टर म्हणाले.

अंजनीने बर्फाच्या डब्यातून बाटली काढली. एकच होती. तिने सुई लावली, डॉक्टरांचा उजवा हात टेबलावर घेतला आणि अंगठा वर केला.

"आधी इथे सीरम. मग दंडावर लस."

तिने बाटलीच्या बुचात सुई घालायला हात पुढे केला, तेव्हा बत्तीस वर्षं शिकवलेलं सगळं वरुडकरांच्या अंगात एकदम उभं राहिलं. सीरम एकदाच देतात. दुसऱ्यांदा दिलं तर ते लसीचंच काम बिघडवतं. हे त्यांनी किती वर्गांना घोकून घेतलं होतं, आणि चुकणाऱ्याला वर्गाबाहेर काढलं होतं. शिवाय ही शेवटची बाटली. माणसांना ते काहीही सांगू शकत होते. त्या विषाणूपुढे खोटं बोलायची मात्र त्यांची हिंमत नव्हती.

त्यांनी हात मागे घेतला.

"सीरम नको. झालंय ते."

"झालं? कधी?"

डॉक्टरांनी बाजूला पाहिलं. भिंतीशी अंबादास उभा होता, आणि बाकावर शकुबाई.

"मागच्या शुक्रवारी," ते म्हणाले. "आज तिसरा डोस आहे."

अंजनीला त्यात काही वावगं दिसलं नाही. चांगलं झालं, म्हणत तिने बाटली परत डब्यात ठेवली. अंबादास मात्र डॉक्टरांकडे बघतच राहिला. मग त्याने आपला हात समोर धरला आणि बोटांवरच्या चिरांकडे पाहिलं, जणू त्या आजच पडल्या होत्या.

"आजच रिपोर्ट आला म्हणत होते तुम्ही," तो हळूच म्हणाला.

डॉक्टरांना खूप काही बोलायचं होतं. विषाणूला घाई नसते, हे सांगायचं होतं. ते बोलले नाहीत, कारण ऐकून घेणाऱ्यांपैकी कुणीही मूर्ख नव्हतं.

"म्हणजे यांचं कार्ड दुसरीकडचं आहे," अंजनीने पेन उचललं. "अम्मा, मग इथलं हे नाव ठेवू का?"

शकुबाई बाकावरून उठली. तिने डॉक्टरांकडे पाहिलं, पण रागाने नाही. गोठ्यात मेलेल्या म्हशीकडे पाहून ती जशी वळली असेल, तशी ती दाराकडे वळली.

"काटून टाक बाई," ती म्हणाली. "त्याचं त्यानं पाह्यलं."