गुलाबी रकाना

कापडाच्या मिलमध्ये वासुदेव नऊ वर्षं बदली कामगार होता आणि नऊही वर्षं त्याच्या खिशात गुलाबी कार्ड होतं. कायमवाल्यांचं पांढरं. गुलाबीवाल्यानं सकाळी गेटवर उभं राहायचं; कुणी आजारी पडलं तर आत, नाहीतर घरी. दहाव्या वर्षी पांढरं मिळालं, तेव्हा परदेशीपुऱ्यात, तो राहायचा त्या गल्लीभर, त्यानं पोहे-जिलबी वाटली. तीन वर्षांत मिलच बंद पडली.

आता शेहेचाळिसाव्या वर्षी तो टायपिंग शिकून शामजींच्या ट्रान्सपोर्टच्या ऑफिसात बसला होता. बिल्ट्या, म्हणजे मालाच्या पाठवणीच्या पावत्या, कॉम्प्युटरमध्ये चढवायच्या, रोज दीडशे. आठवडाभर पाहू, शनिवारी सांगू, असं शामजी म्हणाले होते.

प्रोग्राम महूच्या मैत्री नावाच्या मुलीनं बनवलेला. पडद्यावर चौदा रकाने, आणि ज्यात टाइप करायचं तो गुलाबी होई. पुढे गेलं की पुन्हा पांढरा. पोरीनं सोयीसाठीच केलं होतं. पण चौदावा रकाना टाइप करणाऱ्याच्या नावाचा. तिथे वासुदेव आपलं नाव लिही आणि ते गुलाबीतच बसलेलं दिसे. नाव पांढरं व्हावं म्हणून तो पुढचं बटण दाबी, तर पहिल्या रकान्यातला बिल्टीचा नंबर गुलाबी. बिचारा नंबर तरी कच्चा का राहावा? मग पुन्हा पुढे. अशा चौदा घरांच्या प्रदक्षिणा घालत बुधवारपर्यंत त्याची मजल दिवसाला जेमतेम चाळीस बिल्ट्यांवर आली.

शामजींना वाटलं, मशीनच सुस्त आहे. त्यांनी मैत्रीला बोलावलं. ती शेजारी बसून पाहत राहिली आणि शेवटी तिनं विचारलंच, असं गोल गोल का फिरता. वासुदेवनं मान खाली घालून कार्डांची हकीकत सांगितली.

ती हसली नाही. "काका, तुम्ही कुठे आहात, एवढंच तो रंग दाखवतो."

"तेच तर, बेटा. मी कुठे आहे ते मला पक्कं माहीत आहे."

तिनं प्रोग्राम उघडला, एका ओळीत रंग बदलला. आता सगळे रकाने कायमचे पांढरे.

गुरुवारी वासुदेवनं एकशे तीस चढवल्या आणि घरी दोन पोळ्या जास्त खाल्ल्या. शुक्रवारी कळलं, की कागदावरून नजर वर केली की कुठल्या रकान्यात आहोत तेच त्याला दिसत नव्हतं. अकरा बिल्ट्यांत माल घेणाऱ्याच्या जागी त्याचंच नाव पडलं होतं. मानपूरची तीन पिंपं तेल आणि होजिअरीच्या सात गाठी वासुदेवच्या मालकीच्या झाल्या होत्या. शामजींनी त्या अकराही बिल्ट्या त्याच्या टेबलावर आणून ठेवल्या. वासुदेवनं बाहेरच्या एसटीडी बूथवरून मैत्रीला फोन लावला आणि म्हणाला, "गुलाबी परत आण."

ती लगेच आली. अकराही दुरुस्त झाल्या. शनिवारी, नाव गुलाबीतच सोडून देत, संध्याकाळपर्यंत त्यानं एकशे अठ्ठावन्न चढवल्या. शामजींनी आकडा पाहिला आणि सोमवारी नऊला यायला सांगितलं.

वासुदेवनं धीर करून विचारलं, "जी, कार्ड कधी मिळेल?"

"कैसा कार्ड, भिया?" शामजी खरंच बुचकळ्यात पडले. "आता कार्ड-वार्ड कुठे असतं. काम आहे तोवर येत जा."

मशीन बंद करायला तो परत खुर्चीत बसला. चौदाव्या रकान्यात त्याचं नाव होतं, गुलाबी. त्यानं ते जुन्या कार्डासारखं पुन्हा एकदा नीट वाचलं, आणि बंद करायचं बटण दाबायला त्याचं बोट काही केल्या पुढे होईना.